एकाच वावराचे दोन दावे, दोन कोर्टांत. एका कोर्टात आणता येतील का?

वावरवाला

नमस्कार मंडळी. आम्ही यवतमाळ जिल्ह्यातले, घरी शेतीच. आजोबा गेल्यावर सातबारावर बाबा, काका आणि आत्या अशी तिघांची नावं चढली, पण सरसनिरस वाटणी कधी झाली नाही. दोघं भाऊ सोयीनं वाहत होते. काकांनी डांबरी रस्त्याला लागून असलेला तुकडा एका व्यापाऱ्याला द्यायचं ठरवलं आणि इसारचिठ्ठी, म्हणजे आगाऊ रक्कम घेऊन विक्रीचा लेखी करार, करून दिली. ते कळल्यावर बाबांनी तालुक्याच्या कोर्टात, म्हणजे दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर यांच्याकडे, वाटणी आणि मनाई हुकुमाचा दावा टाकला. तात्पुरता मनाई हुकूम मिळाला आहे.

त्यानंतर व्यापाऱ्यानं जिल्ह्याच्या ठिकाणी, वरिष्ठ स्तराकडे, खरेदीखत आणि ताबा मागणारा दावा लावला. त्यात काकांसोबत बाबा आणि आत्यालाही प्रतिवादी केलं. आता वावर एक, माणसं तीच, कागद तेच, आणि पेश्या दोन ठिकाणी. बाबांचं वय चौऱ्याहत्तर. एक वकील म्हणतात दोन्ही दावे एकत्र आणा, दुसरे म्हणतात हात लावू नका. मला खरंच समजून घ्यायचं आहे. अर्ज कुणाकडे करायचा? दावा तालुक्याला आणता येईल की जिल्ह्याला न्यावा लागेल? आणि तसं करणं शहाणपणाचं आहे का?

पळसफूल

होते बदली. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८, कलम २४. दोन्ही कोर्टं एकाच जिल्ह्यातली आहेत, म्हणून जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज. नागपूर खंडपीठात जायची गरज नाही. दोन जिल्ह्यांचा मामला असता तर जावं लागलं असतं.

कास्तकार_भाऊ

कलम २२ बी पाहा ना भाऊ. आमच्या साळ्याच्या केसमंदी वकीलसाहेबांनं २२ च लावलं होतं.

निवृत्त_शिरस्तेदार

कास्तकारभाऊ, २२ फक्त प्रतिवादीसाठी आहे. वादीला कायद्यानं दोनतीन कोर्टांपैकी कुठेही दावा लावायची मुभा असते आणि तो त्यातलं एक निवडतो, तेव्हा प्रतिवादी म्हणू शकतो की दुसऱ्या ठिकाणी चालवा. तेही लवकरात लवकर, वादमुद्दे (कोर्टानं ठरवायचे प्रश्न) निघायच्या आत, बाकीच्यांना नोटीस देऊन. २४ ला असं बंधन नाही. वादी असो की प्रतिवादी, दावा कोणत्याही टप्प्यावर असो, अर्ज करता येतो. उच्च न्यायालय किंवा जिल्हा न्यायालय स्वतःहूनही दावा काढून दुसरीकडे देऊ शकतं.

वावरवाला, तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर कोर्टाच्या पायरीत आहे. एकच जमीन असून दावे दोन स्तरांवर का गेले ते आधी बघा. वाटणीच्या दाव्यात शेतजमिनीचं मूल्यांकन आकारणीच्या, म्हणजे शेतसाऱ्याच्या, पटीत होतं, त्यामुळे बाजारात एकरी कितीही भाव असला तरी दावा कनिष्ठ स्तराच्या मर्यादेत बसतो. इसारचिठ्ठीवरच्या दाव्याचं मूल्यांकन मात्र चिठ्ठीत लिहिलेल्या सौद्याच्या रकमेवर. रस्त्याकडच्या तुकड्याचा सौदा लाखांत, म्हणून तो वरिष्ठ स्तराकडे गेला. यात कुणाची चलाखी नाही.

आता कलम २४ सांगतं की ज्या कोर्टाकडे दावा पाठवायचा ते तो चालवायला सक्षम पाहिजे. कनिष्ठ स्तराचं कोर्ट व्यापाऱ्याचा मोठ्या रकमेचा दावा चालवूच शकत नाही. म्हणून व्यापाऱ्याचा दावा तालुक्याला येणार नाही, बाबांचा दावा जिल्ह्याला जाईल. तुमच्या तालुक्याला वरिष्ठ स्तराचं कोर्ट सुरू झालं असेल तर गोष्ट वेगळी. मग दोन्ही तिथे मागा.

वावरवाला

हे कुणीच इतकं उलगडून सांगितलं नव्हतं. आमच्या तालुक्याला वरिष्ठ स्तर नाही.

वर्धाकाठ

मी वकिली करतो, आणि ‘हात लावू नका’ म्हणणाऱ्या वकिलांची बाजू मांडतो. इसारचिठ्ठीच्या दाव्यात कोर्टासमोर मूळ प्रश्न एकच असतो, काकांनी करार केला का आणि तो त्यांच्यावर बंधनकारक आहे का. कस्तुरी विरुद्ध अय्यमपेरुमल या २००५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं आहे की करारात नसलेला आणि स्वतंत्र मालकी सांगणारा माणूस अशा दाव्यात आवश्यक पक्षकार नसतो. मग बाबांनी आपला वाटणीचा दावा उचलून त्या दाव्याला का बांधायचा? त्यापेक्षा जिल्ह्याच्या दाव्यात कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) द्यावी की आमच्या हिश्शाशी या कराराचा संबंध नाही, आणि वाटणीचा दावा तालुक्यात जोरानं चालवावा.

शिवाय साक्षीदार कोण? पटवारी, पोलीस पाटील, धुऱ्याला धुरा लागलेले शेजारी. कोर्ट कमिशन (पाहणीसाठी कोर्टानं नेमलेला माणूस) निघालं तर तेही गावात येणार. हे सगळे लोक जिल्ह्याच्या ठिकाणी नेणं सोपं नाही. कपाशी वेचणीच्या दिवसात मजुरी सोडून साक्षीला कोण येतो?

तुरीच्या_शेंगा

वर्धाकाठ यांचा साक्षीदारांचा मुद्दा शंभर टक्के पटला. आमच्या दाव्यात पंच म्हणून सही केलेला म्हातारा तालुक्याच्या कोर्टात चालत यायचा. पुढे दावा लांबच्या कोर्टात गेला आणि त्याची साक्ष राहिली ती राहिलीच.

निवृत्त_शिरस्तेदार

वकीलसाहेबांचा कायदा बरोबर आहे, पण इथे व्यापाऱ्यानं नुसतं खरेदीखत मागितलेलं नाही. त्यानं ताबा मागितला आणि सहहिस्सेदारांना स्वतःहून प्रतिवादी केलं. त्यामुळे तो तुकडा काकांच्या एकट्याच्या वाट्याचा होता का, हा प्रश्न त्या दाव्यात शिरलाच. तोच प्रश्न तालुक्याच्या दाव्यातही आहे. समजा तालुक्याचं कोर्ट म्हणालं वाटणी झालेलीच नाही, आणि जिल्ह्याचं म्हणालं तोंडी वाटणी झाली होती, तुकडा काकांचाच. मग दोन्हीकडे अपील आणि मुलाच्या मुलापर्यंत कज्जा. बदलीचा अर्ज मंजूर होण्याचं सगळ्यात भक्कम कारण हेच असतं, दोन निकाल एकमेकांच्या विरोधात जाण्याची भीती.

सर्वोच्च न्यायालयासमोर २००४ मध्ये चितीवलसा ज्यूट मिल्स आणि जेपी रेवा सिमेंट यांचं प्रकरण होतं. एकाच व्यवहारातून दोन कंपन्यांनी दोन राज्यांत एकमेकांवर दावे लावले होते. कोर्टानं दोन्ही एका कोर्टात आणले, तेच पुरावे दोनदा नोंदवायला नको म्हणून. तुमचं प्रकरण लहान, पण तर्क तोच.

वर्धाकाठ

ताबा मागितला आहे हे मी वाचताना निसटलं. मग बदलीच्या बाजूचं पारडं जड होतं, मान्य. साक्षीदारांचं मात्र बघाच.

रानवाट

धागा चांगला चालू आहे, मध्ये माझं विचारते. आमच्या दाव्यात न्यायाधीश सरळ समोरच्याच्या बाजूनं बोलतात. आमचा मनाई अर्ज फेटाळला, आमच्या वकिलांना तारीख वाढवून दिली नाही, समोरच्याला दिली. याच कारणावर कोर्ट बदलून मागायचं ठरवलं आहे. मिळेल ना?

निवृत्त_शिरस्तेदार

रानवाट ताई, रागावू नका, पण या कारणावर अर्ज टिकणं कठीण आहे. निकाल किंवा आदेश विरोधात गेला म्हणजे न्यायाधीश पक्षपाती, असं कायदा मानत नाही. आदेश चूक वाटला तर त्याला अपील आहे. पक्षपाताच्या कारणासाठी अशी वस्तुस्थिती दाखवावी लागते की कोणत्याही सामान्य समंजस माणसाला वाटेल, इथे न्याय मिळणार नाही. उदाहरणार्थ समोरच्याशी नातं, किंवा त्या जमिनीत हितसंबंध. तुमच्या अर्जावर त्या न्यायाधीशांचा अभिप्रायही मागवला जाऊ शकतो. आणि पुराव्याशिवाय शपथपत्रावर नको ते आरोप लिहिले तर न्यायालयाच्या अवमानाची टांगती तलवार येते. माझ्या नोकरीत रागात लिहिलेले अर्ज मी पुष्कळ बघितले. बहुतेक फेटाळले गेले, आणि तोवर मूळ दावा तसाच पडून राहिला.

माळावरचा

पण ताईंना अगदी निराश करू नका. आमच्या प्रकरणात समोरचा पक्षकारच त्या तालुक्याच्या कोर्टात वकिली करणारा होता. तिथले एकही वकील आमचा वकालतनामा घ्यायला तयार होईनात. कुणी सरळ नाही म्हणायचं नाही, ‘बघू’ म्हणायचे. आम्ही हे तारीखवार शपथपत्रात लिहिलं आणि दावा शेजारच्या जिल्ह्यात मिळाला. त्यात न्यायाधीशांबद्दल वावगा शब्द नव्हता. कारण खरं असेल आणि कागदावर दाखवता आलं तर कोर्ट ऐकतं.

रानवाट

समजलं. आदेशाविरुद्ध अपीलाचं आधी बघते. धन्यवाद.

माणिकगड

माझ्या बहिणीचा अनुभव लिहिते, कारण आमच्या सीमेवरच्या भागात हे पुष्कळ होतं. बहीण राजुरा तालुक्यातली, दिली आदिलाबादकडे. नवऱ्यानं तिकडे घटस्फोटाचा अर्ज लावला. ती लहान लेकरू घेऊन माहेरी. आम्हाला वाटलं, नागपूर खंडपीठ आपलं आहे, ते केस इकडे आणेल. वकिलांनी सांगितलं की नाही. एका राज्यातून दुसऱ्या राज्यात दिवाणी प्रकरण नेण्याचा अधिकार कलम २५ खाली फक्त सर्वोच्च न्यायालयाला. २००८ मध्ये दुर्गेश शर्मा विरुद्ध जयश्री या प्रकरणात हे पक्कं झालं. तिथेही नवऱ्याचा अर्ज उज्जैनला आणि बायको मालेगावची होती. उच्च न्यायालय आपल्या हद्दीबाहेरच्या कोर्टात प्रकरण पाठवू शकत नाही, असं त्यात ठरलं.

दिल्ली म्हटल्यावर घरचे हादरले. पण विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ खाली बाईमाणसाला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात गेलो, तिथून कागद पुढे सर्वोच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे गेले. प्रकरण चंद्रपूर जिल्ह्यात आलं. वेळ लागला, पण बहिणीला अंगावरचं लेकरू घेऊन परराज्यात पेशीला जावं लागलं नाही.

पळसफूल

माणिकगड, फार उपयोगी लिहिलंत. एक जोडते. बायकोनं मागितलं की मिळतंच असा समज करून घेऊ नये. अनिंदिता दास प्रकरणात २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की या सवलतीचा गैरफायदा घेतला जातोय, प्रत्येक अर्ज त्याच्या गुणदोषांवर बघू. पुढे २०२२ मध्ये ऐश्वर्या प्रकरणात पुन्हा सांगितलं की नवराबायकोच्या वादात बदली बघताना बायकोची सोय महत्त्वाची. म्हणून अर्जात लेकराचं वय, कमाई, सोबत येणारं कुणी आहे का, हे सगळं नीट लिहावं. नुसतं ‘लांब पडते’ लिहून भागत नाही.

कास्तकार_भाऊ

आमची पांदणीची केस तहसीलदाराकडे चालू हाय. शेजाऱ्यानं रस्ता अडवला, बैलगाडी जाऊन नाही राहिली. ते बी दुसरीकडे देता येते का २४ मंदी?

निवृत्त_शिरस्तेदार

नाही भाऊ. ते प्रकरण मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांपुढे आहे. कलम २४ दिवाणी कोर्टांसाठी. तहसीलदारांचा निकाल विरोधात गेला तर जिल्हाधिकाऱ्यांकडे फेरतपासणी मागता येते. पण पांदणीच्या प्रकरणात कोर्ट बदलण्यापेक्षा लवकर स्थळपाहणी करून घेणं महत्त्वाचं. पेरणी झाली की रस्त्याची खूणच राहत नाही.

कास्तकार_भाऊ

हे बेस सांगितलं काका. उद्याच जातो तहसीलमंदी.

वैनगंगेकाठचा

विषय निघाला म्हणून सांगतो. आपल्याकडे पक्षकारानं न मागताही दावे हलत आले आहेत. १९८२ मध्ये चंद्रपुरातून गडचिरोली निघाला, १९९८ ला अकोल्यातून वाशीम, १९९९ ला भंडाऱ्यातून गोंदिया. जिल्हा नवा झाला, तालुक्याला नवं कोर्ट आलं की त्या हद्दीतल्या फायली गठ्ठ्यानं तिकडे जातात. आमचे आजोबा तर नागपूर उच्च न्यायालयाच्या गोष्टी सांगायचे. ते १९३६ चं. १९५६ पासून तिथे मुंबई उच्च न्यायालय बसतं आणि विदर्भाचे अकराही जिल्हे त्याच्याखाली. सिरोंच्याच्या माणसाला गडचिरोलीच २०० किलोमीटरच्या आसपास, नागपूर त्याच्याही पुढे. कोर्ट जवळ असणं म्हणजे काय, हे तिकडच्या लोकांना विचारा.

अशा गठ्ठ्यात फाईल गेली तर ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर नंबर (प्रत्येक दाव्याचा वेगळा ओळख क्रमांक) टाकून बघा. जुन्या कोर्टात दावा ‘बदली’ दिसतो, पक्षकार मात्र जुन्याच कोर्टाच्या व्हरांड्यात बसून राहतो, आणि तिकडे नव्या कोर्टात गैरहजेरी लागते. आमच्या गावच्या एका माणसाचा दावा असाच काढून टाकला गेला. नंतर तो पुन्हा फाईलवर घेण्यासाठी अर्ज करावा लागला.

रानमेवा

एक शंका. दावा दुसऱ्या कोर्टात गेला की पहिल्यापासून सुरू होतो म्हणतात. मग झालेल्या साक्षी वाया?

वर्धाकाठ

दोन वेगळ्या गोष्टी एकत्र होत आहेत. कलम २४ नं बदली झाली तर नवं कोर्ट दावा थांबला तिथून पुढे चालवू शकतं. बदलीच्या आदेशात काही खास सूचना असेल तर ती पाळायची. नव्यानं चालवायचं की तिथून पुढे, हा त्या कोर्टाचा अधिकार आहे, आणि सहसा पुढेच चालतं. झालेल्या साक्षी तशाच राहतात.

दुसरी गोष्ट म्हणजे त्याच संहितेतला आदेश ७ नियम १०. कोर्टाला अधिकारच नव्हता म्हणून दावा परत दिला, तर योग्य कोर्टात तो नव्यानंच सुरू होतो. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं. म्हणून कोणी ‘दावा परत घेऊन दुसरीकडे टाकू’ म्हणालं तर आधी विचारा की बदली म्हणायचंय का परत.

वावरवाला

सगळ्यांचे मनापासून आभार. आमच्या दाव्याची अवस्था सांगतो. तालुक्याच्या दाव्यात वादमुद्दे निघाले, बाबांचं सरतपासणीचं शपथपत्र, म्हणजे त्यांची स्वतःची साक्ष लेखी, दाखल आहे, उलटतपासणी बाकी. व्यापाऱ्याच्या दाव्यात आमची कैफियत गेली, मुद्दे अजून नाहीत. बदलीचा अर्ज टाकला की तालुक्याचं काम आपोआप थांबतं का?

निवृत्त_शिरस्तेदार

नाही, आणि इथेच लोक फसतात. नुसता अर्ज टाकल्यानं मूळ दावा थांबत नाही. जिल्हा न्यायालयाकडून स्थगिती वेगळी मागावी लागते. पण तुमच्या बाबतीत स्थगिती मागायची घाई करू नका, बाबांच्या वयाकडे बघा. तालुक्यात उलटतपासणी होऊन जात असेल तर होऊ द्या. बदलीनंतरही ती साक्ष फाईलसोबत जाईल. उशीर होतोय असं दिसलं तर साक्ष तातडीनं नोंदवण्यासाठी आदेश १८ नियम १६ चा अर्ज द्या. प्रवास झेपत नसेल तर कमिशनवर घरी साक्ष नोंदवायची सोयही आहे, आदेश २६. चौऱ्याहत्तर वर्षांच्या माणसाची साक्ष हा या दाव्यातला सगळ्यात मोलाचा पुरावा आहे. कोर्ट कोणतं हे त्याच्यानंतर.

मनाई हुकुमाची काळजी करू नका. दावा बदलला म्हणून तो उठत नाही.

तुरीच्या_शेंगा

हे शेवटचं खूप महत्त्वाचं. आमच्या त्या म्हाताऱ्या पंचाची साक्ष अशी कमिशनवर झाली असती तर!

भुईमूग

सगळं कायद्याचं झालं, एक घरचं बोलतो. काकांशी कुणी बोललं का? इसार घेतलेला परत देऊन, किंवा वाटणीत तोच तुकडा काकांच्या वाट्याला घालून, व्यापाऱ्याचं आणि तुमचं दोघांचं समाधान होण्यासारखं आहे. आमच्या घरी असंच लोकअदालतीत मिटलं. लोकअदालतीत मिटलं की कोर्ट फी परत मिळते आणि त्यावर अपील नसतं. पण व्यापारी, काका, आत्या, बाबा सगळे एका टेबलाशी आले तरच ते होईल. आणि दोन्ही दावे एका कोर्टात असतील तर असं टेबल मांडणं सोपं जातं.

वर्धाकाठ

भुईमूग यांचं पटलं. बदलीच्या बाजूनं हे एक कारण मीही मोजलं नव्हतं.

वावरवाला

काकांशी बोलणं बंद आहे, पण आत्या दोघांशीही बोलते. ती अमरावतीला असते. ती म्हणते, मला दोन ठिकाणी पेशीला येणं होत नाही, एकाच कोर्टात करा, मग मीच दोघा भावांना समोरासमोर बसवते.

ठरलं असं: बाबांची उलटतपासणी आधी तालुक्यात पूर्ण करून घ्यायची, त्यासाठी वकीलसाहेब पुढच्या पेशीला अर्ज देतील. सोबतच जिल्हा न्यायाधीशांकडे कलम २४ चा अर्ज, तालुक्याचा दावा वरिष्ठ स्तराकडे पाठवण्यासाठी. अर्जाला काय काय जोडावं?

निवृत्त_शिरस्तेदार

दोन्ही दाव्यांच्या आणि कैफियतींच्या नकला, मनाई हुकूम, तालुक्याच्या दाव्याचे वादमुद्दे, दोन्ही रोजनामे (प्रत्येक तारखेला काय झालं त्याची कोर्टाची नोंद), चालू सातबारा आणि इसारचिठ्ठीची नक्कल. शपथपत्रात कोणता प्रश्न दोन्ही दाव्यांत सारखा आहे ते स्पष्ट लिहा. २००८ च्या कुलविंदर कौर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं आहे की बदलीचा आदेश कारणं देऊन झाला पाहिजे. ती कारणं कोर्टाला तुमच्याच कागदात सापडली पाहिजेत. नोटीस काका, आत्या आणि व्यापारी तिघांनाही जाईल. पत्ते आजचे द्या, नाहीतर बेलीफ परत येतो आणि अर्ज तिथेच महिनोन्महिने अडकतो.

आत्याबाई दोन्ही दाव्यांत पक्षकार आहेत. त्यांची हरकत नसल्याची पुरशिस, म्हणजे कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन, त्यांच्या सहीनं अर्जासोबतच द्या. त्यांना वकील नसेल तर अमरावतीच्या विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करायला सांगा.

वावरवाला

आत्त्याला आजच फोन करतो.